वॉटर पंप प्लायर: निवडायची कशी, धरायची कशी, टिकवायची कशी

प्लंबरच्या पिशवीत लांब दांड्यांची, वाकड्या तोंडाची एक पक्कड हमखास असते. हिलाच वॉटर पंप प्लायर म्हणतात. जुन्या मोटारींच्या पाण्याच्या पंपाचे नट आवळायला अशा पकडी वापरत, त्यावरून हे नाव पडलं. आज मात्र तिचा बहुतेक वेळ सिंकखालीच जातो. एका जबड्यावर ओळीने वक्र खाचा असतात आणि दुसऱ्या जबड्याची जीभ, म्हणजे पुढे आलेला उंचवटा, त्यांतल्या एकीत बसते. खाच बदलली की तोंड लहान-मोठं होतं, पण जबडे एकमेकांना जवळपास समांतर राहतात. हा नमुना १९३३ मध्ये अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनियातल्या चॅनेललॉक या कंपनीने काढला. तेव्हा तिचं नाव चॅम्पियन-डीआरमेंट असं होतं.

पक्कड सटकली की आपण म्हणतो, हाताला जोर नाही. पण दहातल्या नऊ वेळा खाच चुकलेली असते.

विकत घेताना

एकच घ्यायची असेल तर १० इंची घ्या. हिचं तोंड मॉडेलप्रमाणे दीड ते दोन इंचांपर्यंत उघडतं, त्यामुळे सिंकच्या ट्रॅपचा, म्हणजे खालच्या वाकड्या पाइपचा नट, नळाचा कॉलर, बागेच्या पाइपची जोडणी असं घरातलं बहुतेक काम भागतं. दोन घेणार असाल तर १० इंचीच्या जोडीला ६-७ इंची घ्या, १२ इंची नको. जोडणी सोडवताना एकीने पाइप धरून ठेवावा लागतो आणि दुसरीने नट फिरवावा लागतो. शिवाय सिंकमागच्या बोळात मोठी पक्कड शिरतच नाही.

दुकानात ती हातात घेऊन तीन गोष्टी बघा. तोंड मिटून उजेडाकडे धरा. दोन्ही जबडे वाकडेतिकडे न होता एकमेकांसमोर यायला हवेत. मग मधली खाच लावून दांडे आडवे हलवून बघा. थोडी ढिलाई चालते, पण जबडा डुगडुगायला लागला तर ती परत ठेवा. शेवटी दातांवर बोट फिरवा. धार बोटाला जाणवली पाहिजे. नुसती नक्षी काढल्यासारखे गुळगुळीत दात नवे असतानाच निकामी असतात.

बटण दाबून खाच बदलणारा प्रकार महाग पडतो. पण त्यात खाचा जास्त असतात, तोंड पाइपवरच बेतता येतं आणि बटण सुटलं की जबडा आपोआप सरकत नाही. महिन्यातून दोनदा पक्कड हातात येत असेल तर तो घ्याच. वर्षातून दोनदाच लागत असेल तर साधी पुरे.

वापरताना

१. दांडे पूर्ण फाकवा, जबडा सरकवा आणि जीभ हव्या त्या खाचेत बसवा. जीभ खाचेच्या काठावर अर्धवट टेकलेली असेल तर जोर लावताच सटकते. म्हणून बसल्यावर एकदा दांडे हलकेच दाबून बघा.

२. वस्तू तोंडात धरल्यावर दांड्यांमधलं अंतर बघा. मूठ आरामात आवळता आली की खाच बरोबर. दांडे फार फाकले तर बोटांची ताकद वाया जाते, त्यामुळे तोंड एक खाच मोठं करा. उलट दांडे एकमेकांना टेकायला आले तर एक खाच लहान करा, नाहीतर पकड बसण्याआधीच दांडे मिटतील आणि तळव्याची कातडी मध्ये चिमटेल. माझ्या उजव्या तळव्यावर काळानिळा डाग आठवडाभर होता, त्या दिवशी मी फक्त एक खाच बदलायचा आळस केला होता.

३. आता दिशा. पाइप पान्याचा नियम इथेही चालतो: जबड्याचं तोंड ज्या बाजूला उघडं आहे, त्या बाजूकडे दांडे वळवा. मग फिरवण्याच्या जोरानेच दात पाइपात रुततात. उलटी लावली तर ती घसरत, कोपरे खात फिरते. शंका असेल तर अर्धा इंच फिरवून बघा. पकड घट्ट होत गेली तर ठीक, नाहीतर पक्कड पालटा.

४. शक्यतो दांडे स्वतःकडे ओढा, ढकलू नका. ओढताना सटकली तर हात मागे येतो, ढकलताना सटकली तर बोटांची हाडं थेट भिंतीवर आपटतात.

प्लॅस्टिकचा नट आवळताना हात सैल ठेवा. आधी बोटांनी घट्ट करा आणि मग पकडीने जेमतेम पाव फेरा द्या. ठिपकत राहिलं तर अजून थोडा. मी एकदा "आता कधीच गळणार नाही" म्हणत आवळलेला ट्रॅपचा नट दोन दिवसांनी उभा चिरला. क्रोमचा नळ असेल तर जाड कापडाची घडी किंवा रबराची पट्टी मध्ये घाला, नाहीतर दातांचे ठसे कायमचे राहतात. आणि षटकोनी नट-बोल्टसाठी पाना असेल तर पानाच वापरा, पकडीने त्याचे कोपरे गोल होतात.

दांड्यांवर पाइप चढवून लांबी वाढवणं आणि हातोडीने ठोकणं, दोन्ही टाळा. जोर पुरत नसेल तर मोठी पक्कड लागते. दांड्यांवरचं मऊ आवरण पकडायला सोयीचं असतं, विजेपासून बचावाचं नसतं. वीज चालू असलेल्या कामासाठी १००० व्होल्टची खूण असलेली वेगळी अवजारं असतात.

देखभाल

ही पक्कड बिघडते ती खाचांमध्ये. थ्रेड टेपचे (पाइपच्या आट्यांवर गुंडाळायच्या पातळ पट्टीचे) तुकडे, सुकलेलं सिमेंट आणि गंजाची भुकटी तिथे साठते, मग जीभ पूर्ण बसत नाही आणि आपण पकडीला शिव्या देतो. काम झालं की जुन्या टूथब्रशने खाचा घासा, ओलं काही असेल तर पुसा आणि सांध्यावर मशीनचं तेल एक थेंब सोडा. तोंड दोन-चार वेळा उघडा-मिटा, उतरलेलं तेल पुसून घ्या. दातांवर मात्र तेल राहू देऊ नका.

गंज चढलाच तर फक्त डोकं रात्रभर व्हिनेगरमध्ये बुडवून ठेवा, सकाळी तारेच्या ब्रशने घासून धुवा, पूर्ण कोरडं करा आणि लगेच तेल लावा. कोरडं करायला विसरलात तर दुपारपर्यंत पुन्हा लाल होईल.

जिभेची कड झिजून गोल झाली आणि स्वच्छ खाचेतही ती सटकू लागली, तर ती पक्कड दुरुस्त होत नाही. ती जोराच्या कामातून काढा आणि फार तर रंगाच्या डब्यांची झाकणं उघडायला ठेवा.