क्लिअरिंगच्या कामाला येताय? ‘माल अडकलाय’ म्हणजे काय ते आधी समजून घ्या

जत तालुक्यातून मी २००६ साली कामोठ्यात आलो आणि न्हावा शेवा बंदरात एका सीएचएकडे (आयात-निर्यातीचा माल कस्टममधून सोडवून देणाऱ्या एजंटकडे) कामाला लागलो. आता दरवर्षी गावाकडून फोन येतात, “दादा, क्लिअरिंगमध्ये काम मिळतंय, येऊ का?” खुशाल या. खोली कामोठे-कळंबोलीकडे बघा, आपली माणसं भरपूर आहेत. उरणपर्यंतची लोकल जानेवारी २०२४ पासून धावतेय, पण सीएफएस (बंदराबाहेरची कंटेनर ठेवायची गोदामं) विखुरलेले आहेत, तेव्हा दुचाकीशिवाय भागत नाही.

पहिल्याच दिवशी कानावर पडेल, “माल कस्टमला अडकलाय.” त्यावर धावपळ सुरू करू नका. कोणत्या कागदावर, कस्टम कायद्याच्या कोणत्या कलमाखाली अडकलाय, ते आधी विचारा. सोडवायच्या अटी त्यावरच ठरतात.

नुसती क्वेरी (कस्टमची विचारणा) आली असेल तर माल जप्त झालेला नसतो. कागद ई-संचितवर (कस्टमच्या ऑनलाइन यंत्रणेवर) चढवा आणि नीट उत्तर द्या. वर्गीकरण किंवा किमतीबद्दल शंका असेल तर कलम १८ खाली तात्पुरतं असेसमेंट (ड्युटीची आकारणी) होतं. बाँड (हमीपत्र) आणि सिक्युरिटी भरून माल बाहेर काढता येतो, अंतिम ड्युटी मागाहून ठरते.

कलम ११० खाली जप्ती झाली की गोष्ट वेगळी. तिथं कलम ११०अ खाली प्रोव्हिजनल रिलीज (निकालाआधी मालाची तात्पुरती सुटका) मागायचा. मालाच्या पूर्ण किमतीचा बाँड लागतो आणि सोबत बँक गॅरंटी किंवा डिपॉझिट. ते किती, हे अधिकारी ठरवतात. छोट्या व्यापाऱ्याचं घोडं अडतं ते गॅरंटीपाशी, कारण बँक तेवढ्यासाठी त्याची एफडी अडकवून ठेवते. म्हणून अर्ज करायच्या आधीच त्याला बँकेत पाठवा. आणखी एक गोष्ट त्याला समजावून सांगा. जप्तीनंतर सहा महिन्यांत कारणे दाखवा नोटीस आली नाही तर माल परत द्यावा लागतो (लेखी कारण देऊन ही मुदत आणखी सहा महिने वाढवता येते). पण प्रोव्हिजनल रिलीजची ऑर्डर निघाली की ही मुदत लागू राहत नाही. माल हातात येतो, प्रकरण मात्र लांबू शकतं.

निकालात माल सरकारजमा ठरला तरी कलम १२५ खाली दंड भरून सोडवता येतो. मनाई नसलेल्या मालाला हा पर्याय द्यावाच लागतो, मनाई असलेल्याला देणं अधिकाऱ्याच्या मर्जीवर. दंड बाजारभावातून ड्युटी वजा करून उरेल त्याहून जास्त असू शकत नाही. ड्युटी वेगळी भरायची, आणि अपील नसेल तर १२० दिवसांत हा पर्याय वापरायचा.

२०२१ मधली एक केस मला अजून डाचते. वाशीच्या एका लहान व्यापाऱ्याची खेळणी आली होती. त्या वर्षीच्या १ जानेवारीपासून खेळण्यांना बीआयएस (भारतीय मानक ब्युरोची मान्यता) सक्तीचं झालं होतं आणि त्याच्या मालावर मार्क नव्हता. आमच्या सीनियरनी प्रोव्हिजनल रिलीजचा अर्ज लावला. कायद्यानं लागणारी मान्यताच नसलेला माल असा सुटत नाही, हे पहिल्याच दिवशी सांगायला हवं होतं. दोन महिने वाया गेले आणि शेवटी माल परत पाठवावा लागला. त्या माणसानं बायकोचे दागिने गहाण ठेवले होते. खाद्यपदार्थांच्या लेबलची गोष्ट वेगळी. आयातदाराचं नाव-पत्ता किंवा एफएसएसएआयचा (अन्न सुरक्षा प्राधिकरणाचा) परवाना नंबर राहिला असेल तर गोदामातच स्टिकर लावायची परवानगी मिळू शकते.

भाड्याचं मीटरही चालूच असतं. कस्टमनं रोखलेल्या किंवा जप्त केलेल्या मालावर सीएफएसनं भाडं घेऊ नये, असा २००९ च्या हँडलिंग ऑफ कार्गो नियमांत उल्लेख आहे. पण त्यासाठी डिटेन्शन सर्टिफिकेट (माल रोखल्याचा कस्टमचा दाखला) लागतं आणि ते मागितल्याशिवाय कुणी हातात ठेवत नाही. माल रोखला की लगेच अर्ज द्या. शिपिंग लाइनचं कंटेनर भाडं वेगळं, तिला निराळं पत्र लिहा.

एक्झामिनला (कस्टमच्या माल तपासणीला) उभे राहाल तेव्हा सील तोडण्याआधी नंबर टिपा, फोटो काढा. आणि काही रोखलं गेलं तर त्याच संध्याकाळी पार्टीला (मालाच्या मालकाला) फोन करून कलमाचा नंबर सांगा. एपीएमसीच्या गाळ्यात बसून तो त्याच फोनची वाट बघत असतो.