तांबडीचं खुडूक असं मोडलं

घणसोली गावठाणात आमच्या घरामागे चार गावठी कोंबड्या आहेत, कोंबडा नाही. मे महिन्यात त्यातली तांबडी खुराड्यातून उठेचना. घरच्यांना ती आजारी वाटली. पण आजारी कोंबडी मान आखडून, डोळे मिटून, पंख पाडून कोपऱ्यात उभी राहते, हात लावला तरी फारशी हलत नाही. ही तर हात जवळ नेताच पिसं फुलवायची, घशातून गुरगुरायची, टोचायची. पोटाखाली हात घातला तर छातीची पिसं उपटलेली, कातडी उघडी आणि चांगलीच गरम. खाली अंडं एकही नाही. म्हणजे खुडूकच, अंडी उबवायच्या ओढीने बसलेली.

अंडी उबायला २१ दिवस लागतात. खुडूक कोंबडी दिवसातून एखाद्या वेळीच उठते, खाणं-पिणं घटतं, वजन उतरतं. पिल्लू निघणारच नसताना, इथल्या दमट उकाड्यात तिचे हे हाल मला बघवेनात.

शेजारच्या काकूंनी पाण्यात बुचकळायला सांगितलं. त्याने पाखरू घाबरतं, मी ते केलं नाही. जाळीच्या तळाचा पिंजरा विटांवर उंच ठेवला, सावलीत पण भरपूर उजेडात. आत भुसा-गवत काही नाही, फक्त दाणा आणि पाणी. खालून वारा लागून पोट थंड होतं. बसायची ओढ टिकायला पोटाखालची ऊब मदत करते.

काही दिवसांत गुरगुरणं थांबलं. मोकळी सोडली तर सरळ आंब्याखाली माती उकरून धुळीत लोळली, पंखांत धूळ भरून घेतली. सोडल्यावर कोंबडी पुन्हा खुराड्यातच जाऊन बसली, तर परत पिंजऱ्यात ठेवायची. अंडी मात्र लगेच येत नाहीत, फिकटलेला तुरा आधी लाल होऊ द्यावा.