गाडीचा दरवाजा किंवा टाकीचं झाकण अडकलं तर काय करावं

हँडल जोरात ओढल्यामुळे अडकलेला दरवाजा उघडल्याचं मी अजून पाहिलेलं नाही. हँडल हातात आल्याचं मात्र बऱ्याचदा पाहिलंय. बाहेरचं हँडल आणि आतलं लॅच (दरवाजा बंद धरून ठेवणारा भाग) यांना जोडायला एक बारीक रॉड किंवा केबल आणि तिच्या टोकाला प्लॅस्टिकची छोटी क्लिप, एवढंच असतं. लॅच अडकलेलं असताना तुम्ही जितका जोर लावाल, तो सगळा त्या क्लिपवर जातो. मग अडकलेलं लॅच राहतं बाजूला आणि हँडल बदलायचा खर्च वाढतो. म्हणून सगळ्यात आधी ओढणं थांबवा.

एक अपवाद. आत लहान मूल किंवा आजारी माणूस अडकलंय आणि गाडी उन्हात आहे, तर खालचं काहीही वाचत बसू नका. ११२ ला फोन लावा आणि त्या माणसापासून सगळ्यात लांबची बाजूची काच कोपऱ्यात टोकदार वस्तूने फोडा. समोरची काच फोडायच्या नादी लागू नका, तिच्या दोन थरांमध्ये पातळ पापुद्रा असतो, ती तडकते पण जागा सोडत नाही.

आधी साध्या शंका मिटवा

मागचा दरवाजा बाहेरून उघडतो, आतून नाही? चाइल्ड लॉक. दरवाजाच्या कडेला, लॅचजवळ छोटा खटका असतो, तो सरकवा. गाडी धुताना फडक्याने किंवा बोटाने तो सरकतो आणि घरचे लोक दरवाजा बिघडला म्हणून गॅरेज गाठतात.

रिमोट दाबून काहीच होत नाही? रिमोटचा सेल बदला, बहुतेकांत सीआर२०३२ असतो. बटणाने सुरू होणाऱ्या गाड्यांच्या स्मार्ट चावीतही एक साधी लोखंडी चावी लपवलेली असते आणि चालकाच्या दरवाजाला तिचं भोक असतं. काही गाड्यांत ते हँडलशेजारच्या छोट्या टोपणाखाली दडलेलं असतं. ती चावी घरी, निवांतपणे एकदा काढून बघा. रात्री अकराला बसस्टँडबाहेर ती शोधण्यात मजा नाही.

सेल नवा, तरी सगळे दरवाजे ढिम्म? गाडीची बारा व्होल्टची बॅटरी बसलीय. इलेक्ट्रिक गाडीतही मोठ्या बॅटरीखेरीज ही छोटी बॅटरी असतेच आणि सेंट्रल लॉक तिच्यावर चालतं. लोखंडी चावीने चालकाचा दरवाजा उघडा, पुढचं काम बॅटरीवाल्याचं.

उन्हात बरेच दिवस बंद असलेल्या गाडीचं रबर पत्र्याला चिकटतं. दरवाजाच्या कडेकडेने तळव्याने आत दाबत जा, मग उघडा. नंतर रबर पुसून त्यावर थोडी टाल्कम पावडर फिरवा. कॅनडात, मिनेसोटात राहणाऱ्यांकडे हेच रबर बर्फाने चिकटतं. तिथेही उपाय दाबण्याचाच आहे. उकळतं पाणी ओतलंत तर काच जाईल.

ओम्नी किंवा ईकोचा सरकता दरवाजा अडला असेल तर लॅचला हात लावण्याआधी तो ज्यावर सरकतो ती खालची पट्टी बघा. दहापैकी नऊ वेळा तिथे खडे आणि चिखल असतो.

हँडल हाताला कसं लागतंय?

हँडल हळू ओढा आणि ते कसं लागतंय याकडे लक्ष द्या. निम्मं निदान इथेच होतं.

हँडल लुळं पडलंय, काहीच दाब लागत नाही: क्लिप निघालीय, रॉड सुटलाय किंवा केबल तुटलीय. लॅच बहुधा ठणठणीत असतं. अशा वेळी दुसऱ्या हँडलने, म्हणजे बाहेरचं गेलं असेल तर आतल्याने, दरवाजा उघडतो. उघडा, पॅड (दरवाजाच्या आतल्या बाजूचं कव्हर) काढा, क्लिप बसवा, झालं.

हँडलला नेहमीसारखा दाब आहे पण दरवाजा सुटत नाही: लॅच लॉक अवस्थेत राहिलंय. रिमोटने लॉक-अनलॉक करत प्रत्येक दरवाजाला कान लावा. बाकीचे तीन ‘टक्’ करतात आणि एक नुसता कण्हतो, तर त्याची मोटर थकलीय. आतून लॉकची खुंटी हाताने उचलत असताना दुसऱ्या कुणाला तरी रिमोट दाबायला सांगा, बहुतेकदा सुटतं.

इथे एक चुकीचा सल्ला सगळीकडे ऐकू येतो: ‘हँडल ओढून धर आणि मग रिमोट दाब.’ अगदी उलट. बऱ्याच गाड्यांत हँडल ओढलेलं असताना लॅच अनलॉक होतच नाही, आतले दोन भाग एकमेकांना अडवतात. आधी रिमोट दाबा, हँडल सोडलेलं असू द्या, ‘टक्’ ऐका, मग ओढा.

आतूनही नाही, बाहेरूनही नाही

हा खरा त्रासाचा प्रकार. पॅडचे स्क्रू दरवाजा उघडल्यावर सोपे आणि दरवाजा तर उघडत नाही. मीही सुरुवातीला इथेच तासन्‌तास झगडलो आहे, त्यामुळे सावकाश सांगतो.

आधी न खोलता होणारे प्रयत्न. लॅचमध्ये एक आकडा असतो आणि तो दरवाजाच्या चौकटीच्या खांबावरच्या कडीला, म्हणजे स्ट्रायकरला, धरून बसतो. दरवाजा बाहेर ओढला की आकड्यावर ताण येतो आणि तो अधिकच घट्ट होतो. म्हणून एकाने दरवाजा कमरेने आत दाबायचा आणि त्याच वेळी दुसऱ्याने हँडल ओढायचं. जमलं नाही तर गंज सोडवणाऱ्या डब्ल्यूडी-४० फवाऱ्याची नळी दरवाजा आणि खांबाच्या फटीत, लॅचच्या उंचीला घालून भरपूर फवारा, पंधरा-वीस मिनिटं थांबा, लॅचच्या भागावर मुठीने ठोकत पुन्हा करा. कोकणातल्या खाऱ्या हवेत गंजलेली लॅचेस यानेच सुटतात. हे काम घाईत करण्यासारखं नाही, पुन्हा पुन्हा फवारा आणि थांबा.

एवढ्यानेही नाही झालं तर काचेच्या फटीतून लोखंडी पट्टी घालणाऱ्याला बोलावू नका. जुन्या मारुती ८०० ला ते चालायचं. आताच्या दरवाजात केबल असते, लॅचवर आच्छादन असतं आणि पट्टीच्या वाटेवर काचेच्या मोटरच्या वायरी असतात. दरवाजा उघडो न उघडो, काच चालणं बंद होण्याची शक्यता भरपूर. शिवाय काचेचं रबर फाटलं की पावसाळ्यात पाणी थेट आत.

आता पॅड. त्याआधी समोरच्या बाजूचा दरवाजा उघडा. पुढचा डावा अडकला असेल तर पुढचा उजवा. त्याचं पॅड आधी काढा. लोकांना हे वेळ घालवणं वाटतं, मला विचाराल तर सगळ्या कामातली हीच सर्वांत उपयोगाची अर्धी घटका. स्क्रू कुठे लपलेत (आतल्या हँडलच्या वाटीत, हात धरायच्या खाचेत, टोपणांखाली), क्लिपा कुठे आहेत, लॅचला किती खटके आहेत, कोणता कुठल्या दिशेला हलतो, हे सगळं तिथे डोळ्यांनी दिसतं. अडकलेल्या दरवाजात तेच उलटं, आरशात बघितल्यासारखं असतं. फोटो काढून ठेवा.

मग अडकलेला दरवाजा. काच पूर्ण वर घ्या. खाली ठेवली तर ती नेमकी हाताच्या वाटेत येते. बाकीचे दरवाजे आणि डिकी उघडी ठेवा. आता बॅटरीची निगेटिव्ह वायर सोडा आणि काही मिनिटं थांबा. काही गाड्यांत एअरबॅगचा सेन्सर दरवाजात असतो, चालू वीज ठेवून तिथे खुडबूड करायची नाही. सीट शेवटपर्यंत मागे घ्या. स्क्रू काढा, प्लॅस्टिकच्या पट्टीने क्लिपा सोडवायला लागा. बंद दरवाजात पॅडची खालची आणि खांबाकडची कड उंबरठ्यामागे नि खांबामागे दबलेली असते, त्यामुळे पॅड अख्खं निघत नाही. अख्खं काढायचा हट्ट धरू नका. लॅचच्या बाजूने मनगट आत जाईल इतकं सुटलं की पुरे. एखादी क्लिप तुटेल, तुटू दे, बाजारात सुट्या मिळतात. आतलं प्लॅस्टिकचं आवरण कोपऱ्यातून सोलून घ्या, फाडू नका, पावसाचं पाणी तेच अडवतं. हातमोजे घाला. दरवाजाच्या आतला पत्रा ब्लेडसारखा असतो.

आता हात लॅचपर्यंत पोचला. आणि इथेच बहुतेक लोक हरतात, कारण हाताला लागेल तो खटका ते वर-खाली करत बसतात. तो हलतो, दरवाजा उघडत नाही, मग लॅच मोडलंय असं ठरवून टाकतात. लॅचमध्ये दोन वेगळी कामं आहेत: एक खटका लॉक-अनलॉकचा आणि दुसरा आकडा सोडवायचा. लॉक लागलेलं असताना सोडवायचा खटका मोकळाच फिरतो, आकड्यापर्यंत काही पोचत नाही. चोराला अडवायला ते मुद्दाम तसं बनवलेलं असतं. म्हणून क्रम पक्का ठेवा. पहिल्यांदा लॉकचा खटका अनलॉककडे ढकला. तो जड असेल, कारण मेलेली मोटर त्याला धरून ठेवत असते. लांब पेचकसाने ढकला आणि तिथेच दाबून धरा. ते न सोडता दुसऱ्या हाताने सोडवायचा खटका ओढा आणि बाहेरच्या माणसाला दरवाजा आत दाबायला सांगा. तिन्ही गोष्टी एकाच वेळी. ‘खाट’ असा आवाज येतो आणि दरवाजा सुटतो.

तरी सुटला नाही आणि गाडीला कधीकाळी बाजूने ठोकर बसलेली असेल, तर खांब किंवा दरवाजा वाकलाय. ते काम डेंटिंगवाल्याचं, तुमचं-माझं नाही.

दरवाजा उघडला की आनंदाच्या भरात तो बंद करू नका! हे मी ठणकावून सांगतो. दरवाजा उघडा असतानाच पेचकसाने आकडा ढकलून बंद करा (दोन टिचक्या ऐकू येतात, पहिली अर्धी, दुसरी पूर्ण), मग हँडलने सोडवा. आतल्या हँडलने, बाहेरच्याने, लॉक करून, अनलॉक करून, सगळ्या प्रकारे. दहा-पंधरा वेळा नीट चाललं तरच दरवाजा लावा, नाहीतर पुन्हा तीच सर्कस. डब्ल्यूडी-४० गंज सोडवतं पण ते टिकाऊ वंगण नाही. पुसून पांढरं लिथियम ग्रीस लावा.

मोटर गेली असेल तर बऱ्याच गाड्यांत ती लॅचसकट येते. मुंबईत कुर्ल्याच्या सीएसटी रोडवरच्या जुन्या भागांच्या बाजारातून जुनं हँडल किंवा आरसा खुशाल घ्या, पण जुनं लॅच नको. चालू आहे म्हणून देतात, ते किती झिजलंय हे बाहेरून कळत नाही आणि धावत्या गाडीचा दरवाजा त्याच्यावरच टिकून असतो.

दरवाजा उघडा आहे तोवर खालच्या कडेची पाणी जायची भोकं काडीने मोकळी करा. ती बुजली की पाणी दरवाजात साठतं आणि मोटरचा जीव त्यानेच जातो. ब्रेक मारल्यावर दरवाजात पाणी डचमळल्याचा आवाज येत असेल तर हेच कारण.

टाकीचं झाकण

मारुतीच्या बऱ्याच गाड्यांत चालकाच्या सीटशेजारी खाली एक खटका असतो आणि त्याला जोडलेली, सायकलच्या ब्रेकसारखी वायर गालिच्याखालून मागे झाकणापर्यंत जाते. निदान पुन्हा हातानेच.

खटका नेहमीसारखा उठतो पण झाकण वर येत नाही: झाकण ढकलणारी स्प्रिंगची पत्ती दबलीय किंवा पडलीय. एकाने खटका ओढून धरायचा, दुसऱ्याने नखाने किंवा जुन्या एटीएम कार्डाने झाकण उचलायचं. पत्ती स्वस्तात मिळते, तरी लोक वर्षानुवर्षं पंपावर उतरून नखं मोडत राहतात.

खटका जड आहे: पलीकडे गंज किंवा चिखल. झाकण तळव्याने आत दाबून धरा आणि तेव्हाच खटका ओढा.

खटका लुळा: वायर निसटलीय किंवा तुटलीय. डिकी उघडा आणि झाकणाच्या बाजूचं अस्तर सोडवा. बऱ्याच गाड्यांत तिथून झाकणाच्या खिट्टीपर्यंत हात पोचतो, ती मागे ओढली की झाकण सुटतं. काही गाड्यांत याच कामासाठी दोरी किंवा छोटा खटका दिलेला असतो. गाडीच्या पुस्तिकेत बघा.

दाबून उघडणाऱ्या झाकणाला वायर नसते, ते सेंट्रल लॉकबरोबर चालतं. गाडी अनलॉक करा, झाकणापाशी ‘टक्’ आवाज येतो का ऐका. आवाज येतो पण झाकण अडतं, तर मधल्या दांडीत धूळ बसलीय. आवाजच नाही, तर फ्यूज किंवा मोटर. इथेही डिकीतून हात घालायचा मार्ग आहेच.

पेचकस कडेत घालून झाकण उचकटू नका. रंग उडतो, झाकण वाकतं आणि मग ते नीट बंदही होत नाही. टाटाच्या आयसीएनजी, म्हणजे सीएनजीवर चालणाऱ्या, गाड्यांत झाकणापाशी मायक्रोस्विच (छोटं बटण) असतो आणि झाकण उघडं असेल तर गाडी सुरूच होत नाही, म्हणजे वाकलेल्या झाकणाने गाडी पंपावरच अडकायची.

टाकीजवळ काम करताना हीट गन नको, विडी-सिगारेट नको, उजेडाला काडी पेटवणं तर नकोच. मोबाइलचा टॉर्च घ्या. फवारलेलं तेल कोरड्या फडक्याने पुसा. आतलं टोपण फिरत नसेल तर टाकीतल्या दाबाने ते घट्ट बसलेलं असतं. थोडं खाली दाबून हळूहळू फिरवा, ‘स्स्’ आवाज संपेपर्यंत थांबा, मगच पूर्ण काढा.