जहाजावरच्या घसरगुंडीवर बसण्याआधी

सोलापूरहून सिद्धेश्वर एक्सप्रेसने मुंबई गाठून पुढे विमानाने क्रूझला निघणार असाल, तर पोरांची उंची घरीच मोजा. 'हार्मनी ऑफ द सीज' या क्रूझ जहाजावरच्या 'अल्टिमेट अ‍ॅबिस' या घसरगुंडीला किमान ४४ इंच, म्हणजे साधारण ११२ सेंटीमीटर लागते. रांगेत अर्धा तास उभं राहून परत फिरलेलं पोर आवरणं सोपं नसतं!

ही घसरगुंडी कोरडी आहे, दहा मजले खाली नेणारी. चटईवर बसायचं, पाय पुढच्या खिशात घालायचे, मागे रेलायचं. मध्येच उठून बसलात की वेग मरतो. चष्मा, मोबाइल, चपला वर नेऊ नका.

पाण्याच्या घसरगुंडीचं गणित निराळं. तिथे सुती टी-शर्ट पाणी पिऊन ब्रेक लावतो, म्हणून अंगाला चिकटणारा नायलॉनचा पोहण्याचा पोशाखच घाला. धातूची चेन, बटणं नकोत; फायबरला ओरखडे पडतात आणि कर्मचारी अडवतात. हात छातीवर, घोटे एकमेकांवर.

जोराचा वारा सुटला की घसरगुंड्या बंद होतात, तेव्हा शेवटच्या दिवसावर ठेवू नका. जहाज बंदरात असताना गर्दी सर्वांत कमी. जाडजूड सोलापुरी टॉवेल मात्र घरीच राहू द्या, पोहायला टॉवेल जहाजावर मिळतो.