आधी पोट, मग फणा

माझा पहिला साप शंभर मीटरचा होता. बर्फाळ डोंगरात राहायचा, फणा काढून किल्ल्याच्या बुरुजात डोकवायचा. गेम बनवणाऱ्या एका लहानशा चमूसाठी मी त्याच्यावर नऊ पानं लिहिली होती. चमूतल्या दादांनी ती वाचून एवढंच विचारलं, "ताई, हा खातो काय?" प्राणिशास्त्राची बी.एस्सी. इथे नागपुरातच झालेली, तरी मला उत्तर देता आलं नाही. ते काम गेलं.

काल्पनिक प्राण्यांचा जीवनक्रम लिहायचं काम आता बऱ्यापैकी मिळतं: गेम, चित्रकथा, कादंबरीमालिका. या वाटेला येणाऱ्यांना मी पहिल्याच दिवशी त्या शंभर मीटरचा हिशोब करायला लावते. प्रमाण तेच ठेवून लांबी दुप्पट केली की वजन आठपट होतं. कोलंबियातल्या सेरेहोन कोळसा खाणीत सापडलेला टायटनोबोआ हा जीवाश्म साप २००९ मध्ये जगापुढे आला. लांबी सुमारे १३ मीटर, वजन अकराशे किलोच्या घरात. याच मापाने माझा साप पाचशे टनांच्या आसपास जातो, म्हणजे निळा देवमासाही त्याच्यापुढे किरकोळ. एवढं धूड कोरड्या दगडावर सरपटणार कसं?

आणि बर्फ तर नकोच. सापाला अंगाची ऊब बाहेरून घ्यावी लागते. टायटनोबोआच्या आकारावरून अभ्यासकांनी उलटा हिशोब मांडला: एवढा साप जगायचा तर तिथलं वर्षाचं सरासरी तापमान ३० ते ३४ अंश असावं. थंड रक्ताचा फायदाही आहे. तेवढ्याच वजनाच्या वाघापेक्षा सापाला फार कमी अन्न पुरतं; एकदा पोट भरलं की कित्येक आठवडे निवांत. मोठा साप लिहायचा तर ही सवलत वापरा.

वाचायला काय घ्यावं? परदेशी राक्षसांची चित्रं बाजूला ठेवा, आपल्याकडचे जीवाश्म बघा. कच्छमधल्या पानंध्रोच्या लिग्नाइट खाणीतून २७ मणके मिळाले, त्यावरून २०२४ मध्ये 'वासुकी इंडिकस' जाहीर झाला. अंदाजे लांबी ११ ते १५ मीटर. त्याच्याच कुळातला एक साप तर आपल्या वरोऱ्याजवळच्या पिसदुऱ्याचा, नावातच गाव आहे: मॅडसोइया पिसडुरेन्सिस. पण मला सगळ्यात जास्त शिकवलं ते गुजरातेतल्या 'सनाजेह'ने. जेमतेम साडेतीन मीटरचा साप, डायनासोरच्या घरट्यात अंड्याभोवती वेटोळं घालून सापडला. जीवाश्मांचे अभ्यासक धनंजय मोहबे यांनी तो दगड उकरला तेव्हा आधी सगळी हाडं डायनासोरचीच वाटली होती. आजच्या अजगरासारखा जबडा त्याला फाकवता येत नव्हता, म्हणून तो नुकत्याच बाहेर पडलेल्या पिल्लांवर टपून असावा. बघा, जबडा ठरला की भक्ष्य ठरतं, भक्ष्य ठरलं की राहण्याची जागा.

प्रत्यक्ष बघण्यासाठी अजब बंगला, म्हणजे आमचं नागपूरचं मध्यवर्ती संग्रहालय, आहेच. पण मला खरी गोष्ट सापडली ती नंदनवनातल्या आमच्या घरामागे, विटांच्या ढिगाऱ्यात: धामणीची कात. उन्हात पसरून टेप लावत होते तर आजी दारातून म्हणाली, "काऊन वं, शिवून राहिली का त्याले झबलं?" कात मोज्यासारखी उलटी होऊन निघते, आणि ताणल्यामुळे सापापेक्षा लांब भरते. डोळ्यांच्या जागी दोन पारदर्शक भिंगं होती, कारण सापाला पापणी नसते, डोळ्यावरचा खवलाही कातीसोबत येतो. पोटाकडचे खवले मात्र रुंद, आडव्या पट्ट्यांचे. त्या दिवसानंतर माझ्या सापांनी डोळे मिचकावणं बंद केलं. (जिवंत साप मोजायला जाऊ नका. सर्पमित्राला बोलवा, आणि साप घरात ठेवणं हा वन्यजीव कायद्याने गुन्हा आहे.)

आता माझा सध्याचा साप. नाव पाणधोंडी. त्या जगातले कोळी तिला धोंडा समजून तिच्यावर जाळी वाळवतात, म्हणून. लांबी २६ मीटर, म्हणजे टायटनोबोआच्या दुप्पट; वजन आलं नऊ टन. म्हणून गरम, गढूळ डोह दिला, पाणी वजन पेलतं. उन्हाळ्यात डोह आटला की ती गाळात पुरून घेते. लोक तिला पावसाळ्याची खूण मानतात, हे मी वेगळं सुचवलंच नाही, गाळातूनच निघालं.

भांडण झालं ते फण्यावरून. चित्रकाराला ती ताडासारखी उभी हवी होती. मी त्याला हृदय दाखवलं: झाडावर चढणाऱ्या सापांचं हृदय डोक्याच्या जवळ असतं, पाण्यातल्यांचं बरंच मागे, कारण रक्त वर चढवायला जोर लागतो. पाणधोंडीचं मागेच आहे. शेवटी दोन मीटरवर तडजोड झाली. तो अजून फुरंगटलेला आहे.

काम मागताना नमुना पाठवाल तर दोन पानांपेक्षा जास्त लिहू नका, आणि पहिल्या ओळीत तुमचा प्राणी काय खातो ते येऊ द्या. लांबी नंतर.

सध्या मी पिल्लांपाशी अडकले आहे. अजगराची मादी अंड्यांभोवती वेटोळं घालते, आपल्याकडच्या भारतीय अजगराची तर अंग थरथरवून ऊबही देते. नऊ टनांच्या वेटोळ्यात मात्र अंड्यांचं आम्लेट होईल. म्हणून तिला घोणशीसारखी थेट पिल्लं दिली. पण घोणशीचा हिशोब लावला तर एका वेळी वीस-तीस, आणि दुसऱ्या पावसाळ्यापर्यंत डोहात मासाच उरत नाही. काल रात्री आकडा सहावर आणला. आज सकाळी तर्री पोहे खात असताना चित्रकाराचा फोन: पिल्लांना शिंगं चालतील का?