लिंबाचे बटाटे: साल आधी, रस शेवटी

ताटात मुख्य पदार्थ जड असला की शेजारी मी हे बटाटे करते. सामान जेमतेम, वेळ अर्धा तास. पण लिंबू कधी घालायचं यावर सगळं अवलंबून आहे, आणि बहुतेक जण ते चुकीच्या वेळी पिळतात.

चौघांसाठी 750 ग्रॅम बटाटे, एक रसरशीत लिंबू, 3 मोठे चमचे ऑलिव्ह किंवा कुठलंही सौम्य वासाचं तेल, लसणाची एक छोटी पाकळी, मीठ, मिरपूड, मोठी मूठभर कोथिंबीर आणि पुदिन्याची दहाएक पानं. पार्सली किंवा शेपू असेल तर कोथिंबिरीऐवजी चालेल. शेपू मात्र निम्माच घ्या, नाहीतर बाकी कशाचीच चव लागत नाही.

बटाटे लहान, पातळ सालीचे आणि शिजल्यावर आकार धरणारे निवडा. पिठूळ बटाटे कुस्करायला उत्तम, पण इथे ढवळताना त्यांचा लगदा होतो. हिरवट पडलेला बटाटा असेल तर बाजूला काढून टाका. त्यात सोलॅनिन हे विषारी द्रव्य वाढलेलं असू शकतं आणि ते शिजवल्यानेही जात नाही. साल काढायची गरज नाही, नीट घासून धुतलं की पुरे. अंगठ्याएवढे असतील तर अख्खे ठेवा, मोठे असतील तर साधारण 3 सेंटीमीटरच्या फोडी करा. फोडी सारख्या हव्यात, कारण एक कच्ची आणि एक विरघळलेली असं झालं की कोणीच समाधानी होत नाही.

पातेल्यात बटाटे घालून वर बोटभर राहील इतकं थंड पाणी ओता. उकळत्या पाण्यात टाकले तर बाहेरून फुटतात आणि आतून कच्चे राहतात. दीड लिटर पाण्याला एक सपाट मोठा चमचा मीठ घाला. हे मीठ आत मुरतं, वरून भुरभुरलेलं नुसतं जिभेला लागतं. पहिली उकळी आली की आच कमी करा आणि फोडी 12 ते 15 मिनिटं शिजू द्या. अख्ख्या लहान बटाट्यांना 5 मिनिटं जास्त लागतात. सुरीचं टोक अलगद आत जाऊन तसंच बाहेर आलं की झाले.

आता लिंबू. ते या पाण्यात पिळायचं नाही. आंबट पाण्यात बटाट्याच्या पेशींना धरून ठेवणारं पेक्टिन सहज सुटत नाही, त्यामुळे बटाटा कितीही वेळ उकळला तरी कडकसर राहतो. म्हणून लिंबाचे दोन भाग: साल आणि रस. लिंबू कोमट पाण्यात चोळून धुवा आणि बारीक किसणीवर फक्त पिवळी साल किसा, कारण सुवासिक तेल तिथेच असतं. खालचा पांढरा भाग कडू असतो. किसणी एका जागी दोनदा फिरवली की तो हमखास येतो.

बटाटे चाळणीत निथळा आणि त्याच रिकाम्या गरम पातेल्यात परत टाका. मिनिटभर मंद आचेवर ठेवून वाफ जाऊ द्या. ही पायरी कोणालाच करावीशी वाटत नाही, पण ओल्या बटाट्याला तेल धरत नाही. मग गॅस बंद करून तेल, किसलेला लसूण, साल आणि मिरपूड घाला. बटाटा गरम असतानाच हे सगळं शोषतो. पातेलं हलवून वरखाली करा, चमच्याने घोटू नका. कडा थोड्या खरबरीत झाल्या तर चांगलंच, तेल तिथे चिकटून राहतं.

पाच मिनिटं थांबा. तेवढ्यात कोथिंबीर धुऊन फडक्यावर अगदी कोरडी करा आणि धारदार सुरीने चिरा, कोवळ्या देठांसकट. बोथट सुरीने पानं ठेचली जातात आणि पुदिना काळा पडतो, म्हणून पुदिना सगळ्यात शेवटी.

बटाटे कोमट झाले की आधी पाला, मग अर्ध्या लिंबाचा रस. चव घ्या. मीठ कमी वाटलं तर लगेच मीठ न टाकता थोडा रस आणखी घाला, पुष्कळदा तेवढ्याने भागतं. रस पडल्यावर लगेच वाढा. आम्ल लागलं की पानांचा हिरवा रंग हळूहळू मातकट होत जातो.

आधी करून ठेवायचे असतील तर सालीपर्यंतच्या पायऱ्या उरका, रस आणि पाला वाढायच्या वेळी. फ्रीजमधून काढलेले उरलेले बटाटे थंड खाऊ नका, तव्यावर थोड्या तेलात खरपूस परतून घ्या आणि वर नवीन चिमूटभर साल किसा.