नवीन पीएस५ घरी आणलाय? आधी अकाउंट नीट करा, गेम कुठे पळून जात नाही

गेल्या दिवाळीत माझ्या ताईने भाच्यासाठी पीएस५ (सोनीचा प्लेस्टेशन ५, म्हणजे टीव्हीला जोडून गेम खेळायचं मशीन, कन्सोल) घेतला, मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून. दुकानातला माणूस एकदम गोड बोलणारा, म्हणाला मॅडम टेन्शन नका घेऊ, अकाउंट वगैरे सगळं मी इथेच टाकून देतो, घरी जाऊन फक्त टीव्हीला जोडा. लालबागला घरी आणून जोडला, चालला, पोरगं खूश. फेब्रुवारीत एका संध्याकाळी स्क्रीनवर आलं की पासवर्ड टाका. कुणाला माहीतच नाही! रीसेट करायला गेलो तर मेल जातोय दुकानदाराने बनवलेल्या आयडीवर, दुकानदाराला तो आयडी आठवत नाही, अकाउंटचा देश अमेरिका आणि जन्मतारीख कुणाची ते देवालाच ठाऊक. भाच्याने चार महिने रोज शाळेतून आल्यावर एकेक मॅच खेळून फुटबॉलचं करिअर उभं केलं होतं, ते सगळं तिथेच अडकलं. तो काही बोलला नाही, कंट्रोलर मांडीवर घेऊन नुसता त्या पासवर्डच्या चौकटीकडे बघत बसला होता. तेव्हाच ठरवलं की हे एकदा नीट लिहून काढायचं.

आधी एक गोष्ट डोक्यात पक्की बसवा. मशीन बिघडलं तर दुरुस्त होतं, नाहीतर दुसरं घेता येतं. पण विकत घेतलेले डिजिटल गेम, ट्रॉफी, वॉलेटमधले पैसे हे सगळं अकाउंटच्या नावावर असतं, आणि सेव्ह फाईल (गेम कुठवर खेळला ते साठवणारी) मशीनमध्ये पडलेली असली तरी ती त्याच अकाउंटने उघडते, दुसऱ्या अकाउंटला देता येत नाही. त्यामुळे दुकानात कितीही आग्रह झाला तरी अकाउंट बनवून घेऊ नका, सीलबंद बॉक्स घ्या, बिल घ्या आणि घरी या.

घरी आल्यावर लगेच बॉक्स फोडायची घाई नको (पोरं ऐकणार नाहीत, तरी सांगून बघा). आधी मोबाईलवर किंवा लॅपटॉपवर बसून प्लेस्टेशनचं अकाउंट तयार करा. टीव्हीवर कंट्रोलरने एकेक अक्षर निवडत टाईप करताना चुका होतात आणि ईमेलमध्ये एक अक्षर चुकलं की पुढे सगळाच घोळ. ईमेल असा द्या जो तुम्ही रोज उघडता, ऑफिसचा नको, कारण नोकरी बदलली की तो मेल गेला.

देश विचारतात तिथे इंडियाच टाका. खूप जण सांगतात अमेरिकेचं अकाउंट बनव, तिकडे सेल भारी असतो, पण देश एकदा टाकला की नंतर बदलताच येत नाही. मग स्टोअर डॉलरमध्ये दिसतं, आपली कार्डं तिथे चालत नाहीत, प्रत्येक वेळी डॉलरची गिफ्ट कार्डं शोधत फिरा. आणि डिस्कवर गेम घेत असाल तर अजून एक भानगड आहे, डिस्क एका रीजनची (जगाच्या ज्या भागासाठी ती विकली तो) आणि अकाउंट दुसऱ्या रीजनचं असलं तर गेम चालतो पण त्याचं डीएलसी (गेमला वरून जोडायचा जादा भाग) बसत नाही. पैसे भरून डीएलसी घेतलंय आणि गेममध्ये दिसतच नाही असं जे होतं ना, त्याचं कारण बरेचदा हेच निघतं. जन्मतारीखही खरीच टाका, ती पण नंतर आपली आपण बदलता येत नाही.

मुलासाठी घेताय तर अकाउंट आधी आईचं किंवा बाबांचं बनवा, मुलाचं नंतर. मोठ्या माणसाचं अकाउंट फॅमिली मॅनेजर होतं आणि त्याच्या खाली १८ पेक्षा कमी वयाच्या मुलाचं अकाउंट जोडता येतं. त्यात महिन्याला किती खर्च करू द्यायचा, दिवसाला किती वेळ खेळू द्यायचं, अनोळखी लोकांशी बोलू द्यायचं की नाही, हे सगळं पालकांच्या हातात राहतं. वेळ संपल्यावर नुसता मेसेज दाखवायचा की सरळ लॉग आऊट करायचं हेसुद्धा ठरवता येतं. मुलाचं वय वाढवून टाकलं की हे सगळे लगाम सुटले. ताईकडे आता गेम तिच्या अकाउंटवरून घेतो आणि भाचा स्वतःच्या अकाउंटवरून खेळतो, त्यासाठी एकच गेम दोनदा विकत घ्यावा लागत नाही, कसं ते खाली सांगतो.

अकाउंट झालं की त्याच बैठकीत टू-स्टेप व्हेरिफिकेशन (पासवर्डनंतर आणखी एक कोड मागतात ते) चालू करा, उद्यावर टाकू नका. २०११ च्या एप्रिलमध्ये प्लेस्टेशन नेटवर्क हॅक झालं होतं, साधारण ७.७ कोटी अकाउंटची माहिती बाहेर गेली आणि नेटवर्क २३ दिवस बंद होतं. म्हणून पासवर्ड पण वेगळा ठेवा, जीमेलचा आणि याचा एकच नको. टू-स्टेपमध्ये एसएमएसने कोड येतो किंवा ऑथेंटिकेटर ॲप (फोनमध्येच कोड बनवून दाखवणारं) वापरता येतं. मला ॲप बरं वाटतं, कारण आपल्याकडे नंबर बदलतात, रिचार्ज राहिला की सिम बंद पडतं आणि पुढे तोच नंबर दुसऱ्याला दिला जातो, मग कोड कुणाच्या हातात जाणार सांगा. चालू करताना बॅकअप कोड (नेहमीचा कोड मिळत नसेल तेव्हा वापरायचे) दाखवतात ते लोक स्क्रीनशॉट काढून त्याच फोनमध्ये ठेवतात, आणि फोन लोकलमध्ये चोरीला गेला की ॲप पण गेलं आणि कोड पण गेले. कागदावर लिहा. ताईने लाईट बिलाच्या प्लास्टिकच्या फाईलमध्ये ठेवलेत, पहिल्याच कप्प्यात, वर भाच्याच्या अक्षरात मोठ्ठं "पीएस५" लिहून.

आता काढा मशीन बॉक्समधून. केबल जोडा, चालू करा, भाषा, इंटरनेट, मग अपडेट येईल, ते होऊ द्या, मध्येच मेन स्विच बंद करू नका. साईन इनचा स्क्रीन आला की टाईप करत बसायची गरज नाही. फोनवर प्लेस्टेशन ॲप टाका, त्यात आत्ताच बनवलेल्या अकाउंटने लॉग इन करा, टीव्हीवरचा क्यूआर कोड स्कॅन करा, झालं. स्कॅन होत नसेल तर खोलीतली ट्यूबलाईट बंद करून बघा, टीव्हीच्या काचेवर तिचं प्रतिबिंब बरोबर कोडवर पडतं, आमच्याकडे तीनदा तेच झालं.

आता गेम दोनदा न घेण्याचं. सेटिंग्जमध्ये युजर्स अँड अकाउंट्स, त्यात अदर, त्यात "कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले". हे चालू असलं की त्या अकाउंटवर घेतलेले गेम त्या मशीनवरच्या सगळ्या युजरना खेळता येतात, आणि नेट बंद असलं तरी चालतात. मात्र एका अकाउंटसाठी हे एका वेळी एकाच पीएस५ वर चालू ठेवता येतं. पीएस४ चं प्रायमरी (तिथलं असंच शेअरिंग) वेगळं मोजतात, म्हणजे जुन्या पीएस४ वर प्रायमरी आणि नव्या पीएस५ वर हे, दोन्ही एकदम चालतं. भाच्याच्या त्या जुन्या अकाउंटवर असंच शेअरिंग चालू असतं तर त्यातले गेम त्याला नव्या अकाउंटवरून खेळता आले असते. सेव्ह मात्र तरीही आली नसती.

इथेच सांगून ठेवतो, बाजारात "प्रायमरी-सेकंडरी" म्हणून स्वस्तात गेम विकतात, म्हणजे दुसऱ्याच्या अकाउंटचं लॉग इन तुम्हाला देतात. तीन-चार हजारांचा गेम हजारात मिळतो म्हणून माणूस भुलतो, पण ते नियमात बसत नाही, अकाउंट बॅन होऊ शकतं, आणि पासवर्ड ज्याच्याकडे आहे तो कधीही बदलू शकतो. ताईच्या बाबतीत जे झालं ते यातलंच काहीतरी असणार असं मला पक्कं वाटतं.

जुना पीएस४ असेल तर विकायच्या आधी डेटा घ्या. दोन्ही मशीन एकाच नेटवर्कवर, दोन्हीवर तेच अकाउंट, आणि पीएस५ च्या सेटिंग्जमध्ये सिस्टम, सिस्टम सॉफ्टवेअर, डेटा ट्रान्सफर. मध्ये पीएस४ चं पॉवर बटण एक सेकंद दाबून धरायला सांगतात, बीप आला की सोडा. शक्यतो लॅन केबल लावा, वायफायवर रात्र जाते. डेटा कॉपी होतो, जुन्यातला उडत नाही, म्हणून घाबरू नका. गेम बाहेरच्या हार्ड डिस्कवर असतील तर तीच डिस्क पीएस५ ला लावली की पीएस४ चे गेम तिथूनच चालतात. फक्त पीएस४ ची सेव्ह पीएस५ च्या व्हर्जनमध्ये येईल की नाही हे गेमवर आहे, काहींमध्ये आतून वेगळं अपलोड करावं लागतं.

नेटचं थोडक्यात. ५० एमबीपीएसवर १०० जीबीचा गेम उतरायला साडेचार तास धरा, तेही स्पीड पूर्ण मिळाला तर. चाळीत किंवा दाटीच्या बिल्डिंगमध्ये वीस-वीस राऊटर असतात, तिथे वायफायच्या २.४ गिगाहर्ट्झवर गर्दी होते, ५ गिगाहर्ट्झवर जोडा. सेटिंग्ज, नेटवर्कमध्ये इंटरनेट टेस्ट करा आणि नॅट टाईप (तुमचं मशीन बाहेरच्यांशी किती मोकळेपणाने जोडलं जातं ते) बघा. टाईप ३ आला तर मित्राशी व्हॉइस चॅट जोडताना अडचण येते. आपल्या एरियातले बरेच केबलवाले एकच पब्लिक आयपी (इंटरनेटवरचा पत्ता) अनेक घरांना वाटतात, त्यामुळे होतं हे, त्यांना फोन करून स्वतंत्र पब्लिक आयपी मागा, काही जण थोडे पैसे घेऊन देतात.

आता दुसरी अकाउंटं जोडायची, आणि इथे सगळ्यात जास्त लोक फसतात. फोर्टनाईटला एपिकचं, फुटबॉलला ईएचं, माईनक्राफ्टला मायक्रोसॉफ्टचं अकाउंट लागतं. समजा तुमचा मुलगा मोबाईलवर किंवा पीसीवर आधीपासून खेळतोय, तर कन्सोलवर गेम पहिल्यांदा उघडायच्या आधी त्या कंपनीच्या वेबसाईटवर जाऊन जुन्या अकाउंटला प्लेस्टेशन जोडून टाका. नाहीतर गेम उघडतो, घाईत "स्किप" नाहीतर "कंटिन्यू" दाबलं जातं, मागे नवं कोरं अकाउंट तयार होतं आणि जुने स्किन (पात्राचे पोशाख), जुनी लेव्हल काहीच दिसत नाही. नंतर सोडवता येतं पण सहज नाही, काही कंपन्या एकदा बांधलेली गाठ सोडायला मेल-चॅट करायला लावतात. जोडताना ब्राउझरमध्ये कुठलं अकाउंट लॉग इन आहे ते डोळे उघडे ठेवून बघा, घरात दोन पोरं असतील तर थोरल्याचं अकाउंट धाकट्याला जोडलं जातं.

पैशाचं. कार्ड रिजेक्ट झालं तर आधी बँकेचं ॲप उघडा. २०२० पासून नव्या कार्डावर ऑनलाइन आणि इंटरनॅशनल व्यवहार आपण चालू केल्याशिवाय चालत नाहीत. मुलं असतील त्या घरात तर कार्ड ठेवूच नका असं माझं मत आहे, रुपयातलं गिफ्ट कार्ड घेऊन वॉलेट भरा, संपलं की संपलं. पीएस प्लस (प्लेस्टेशनची पैसे भरून घ्यायची मेंबरशिप) घेतलं की ऑटो-रिन्यू चालू असतं, नको असेल तर त्याच दिवशी बंद करा.

राहिला जुना पीएस४. दादर स्टेशनवर कुणाला तरी हातात द्यायच्या आधी सेटिंग्जमध्ये अकाउंट मॅनेजमेंटला जाऊन प्रायमरी डीॲक्टिव्हेट करा, मग इनिशियलायझेशनमधून फुल इनिशियलाइज करा (म्हणजे सगळं पुसून टाका), त्याला काही तास लागतात म्हणून आदल्या रात्री लावून ठेवा. देऊन टाकला आणि नंतर आठवलं तर वेबसाईटवर लॉग इन करून सगळी मशीन एकदम काढता येतात, पण ते सहा महिन्यांतून एकदाच करता येतं.